प्रकल्प नोंदी : सांगलीचे लग्न आणि नागोयातली पाठराखीण

रविवार, १३ जुलै २०२५

मावसबहिणीचे लग्न ठरले. मुहूर्त रविवार, ३० नोव्हेंबरचा आहे. लग्न सांगलीत, विश्रामबागेकडच्या एका मंगल कार्यालयात होईल आणि वराकडची मंडळी कराडची आहेत. नवरीबरोबर सासरी पाठराखीण म्हणून मीच जावे, असे मावशीने परस्पर जाहीर करून टाकले आहे; पण नोकरी नागोयात असल्यामुळे मला हळदीच्या आदल्या दिवशीच सांगलीत पोहोचता येईल. तोपर्यंत जे काम माझ्याकडे येईल त्याची नोंद येथे ठेवीत आहे. लग्नघरातले निर्णय तोंडी होतात आणि आठवड्याभराने ज्याला त्याला ते वेगळे आठवतात, म्हणून ही वही.

जपानचे घड्याळ आपल्या साडेतीन तास पुढे चालते. सांगलीत संध्याकाळी सहाला माणसे खरेदीला बाहेर पडतात तेव्हा इथे साडेनऊ झालेले असतात, जेवण उरकलेले असते आणि मी मोकळी असते. उलट तिकडे रात्रीची जेवणे आटोपून गप्पांना रंग चढतो तेव्हा इथे मध्यरात्र उलटून गेलेली असते. त्यामुळे ठरवाठरवीच्या बैठका संध्याकाळीच घ्याव्यात, असे सर्वांना कळवले आहे.

कामाची वाटणी अशी ठरली. कापडाचा पोत, आचाऱ्याच्या हाताची चव, कार्यालयातली न्हाणीघरे, म्हणजे ज्याला हात, जीभ आणि डोळे लागतात ते सारे मिरजेला राहणारी माझी आई पाहील. याद्या, हिशेब, लेखी मजकूर आणि फोन माझ्याकडे. धाकटीने (घरात नवरीला सगळे असेच म्हणतात) सर्व मान्य करून शेवटी एक अट घातली. ती तिच्याच शब्दांत लिहून ठेवते : “ताई, बाकी सगळं तुम्ही म्हणाल तसं. पण हळद आधी आईनं लावायची आणि कन्यादानही आईनंच करायचं.”

मावशीचे यजमान चार वर्षांपूर्वी गेले. ही अट वाटणीच्या कोणत्याच रकान्यात बसत नाही. तूर्त ती माझ्याकडे ठेवली आहे.

शनिवार, १९ जुलै

कार्यालयाची अनामत भरली. यंदा कार्तिकी एकादशी २ नोव्हेंबरला आहे, आणि डिसेंबरच्या मध्यानंतर शुक्राचा अस्त व धनुर्मास लागत असल्यामुळे मुहूर्तांची सारी गर्दी मधल्या पाच-सहा आठवड्यांत आली आहे. आणखी पंधरा दिवस थांबलो असतो तर रविवार मिळाला नसता. कराराचा कागद फोटो काढून मागवला आणि त्यात चार गोष्टी पेनाने घालून घेतल्या : आदल्या दिवशी दुपारपासून ताबा, हळदीसाठी स्वतंत्र जागा, जनरेटरच्या डिझेलचा खर्च कोणाचा, आणि कार्यालय सोडण्याची वेळ. तोंडी “होईल की ताई, काळजी करू नका” असे म्हणणारा व्यवस्थापक कागदावर लिहायला सांगितले की थोडा वेळ घेतो. तो वेळ त्याला द्यावा.

गुरुवार, २१ ऑगस्ट

कोयना धरणातून विसर्ग वाढल्यामुळे कृष्णा चढली आहे. आयर्विन पुलाजवळ इशारा पातळी ४० फूट आणि धोका पातळी ४५ फूट. पाण्याने पहिली ओलांडली आहे. २०१९ साली ते ५७ फुटांच्या वर गेले होते, आणि मारुती चौकातल्या दुकानदारांना तो अनुभव असल्यामुळे त्यांनी माल आधीच वरच्या मजल्यांवर चढवायला घेतला आहे, असे आईने कळवले. या आठवड्याची साडीखरेदी रद्द. घरी आलेली मानाची लुगडी आणि वाटपाचे खण खालच्या कपाटातून काढून माळ्यावर ठेवले.

बाहेरच्या माणसाला वाटेल की नोव्हेंबरच्या लग्नाचा आणि ऑगस्टच्या पाण्याचा काय संबंध. सांगलीकराला हे सांगावे लागत नाही.

शुक्रवार, ५ सप्टेंबर

जीएसटी परिषदेने परवा नवे दर जाहीर केले. ज्या तयार कपड्याच्या नगाची किंमत २,५०० रुपयांहून अधिक आहे त्यावर २२ सप्टेंबरपासून १२ ऐवजी १८ टक्के कर लागेल. साडी या वाढीत येत नाही, ती ५ टक्क्यांवरच राहते. प्रश्न फक्त वराच्या शेरवानीचा आणि स्वागत समारंभाच्या घागऱ्याचा आहे. धाकटीच्या भावाने “ताई, २२ च्या आत उरकून टाकू” म्हणून धोशा लावला.

पंचांग उघडून पाहिले. उद्या अनंत चतुर्दशी, म्हणजे विसर्जन मिरवणुकीत शहर अडलेले. परवा खग्रास चंद्रग्रहण, म्हणजे दुपारपासून वेध. सोमवारी पितृपक्ष बसतो तो २१ तारखेच्या सर्वपित्रीला उठतो, आणि २२ ला नवे दर लागू. सरकार आणि पंचांग इतके एकमताने वागल्याचे मी तरी पूर्वी पाहिलेले नाही. हिशेब मांडला : पंधरा हजारांच्या शेरवानीवर फरक नऊशे रुपयांचा. नऊशे रुपयांसाठी मावशीला, तिच्या यजमानांच्या श्राद्धाच्या पंधरवड्यात, लग्नाच्या खरेदीला दुकानाची पायरी चढायला लावायचे नाही, असे मी ठरवून टाकले आणि फरकाची रक्कम ‘किरकोळ’मध्ये धरली. भाऊ नाराज आहे; उद्या मिरवणुकीत विसरेल.

रविवार, १४ सप्टेंबर

आज अष्टमी, मावशीच्या यजमानांचा महालय. नैवेद्य, पान वगैरे आटोपून ती दुपारी उशिरा एकटी बसली असेल हे ठाऊक होते, म्हणून तेव्हाच फोन केला. घरात जे बोलणे कधी होऊ शकत नाही ते फोनवर होते, असा माझा या दोन महिन्यांचा अनुभव आहे. घरात एकाशी बोलायला गेले तर चौघे ऐकतात. मी लांब असल्यामुळे माझ्याशी बोलताना माणूस खरोखर एकटा असतो.

अळूचे वडे किती झाले, कोण कोण जेवून गेले, अशी विचारपूस झाल्यावर मी धाकटीची अट सांगितली. मावशीला ती आधीच माहीत होती. “तिचं वेडेपण आहे,” एवढेच ती म्हणाली. मी वाद घातला नाही. लोकांचे बाजूला ठेवून तुला स्वतःला करावेसे वाटते का, एवढेच विचारले. बराच वेळ काही बोलणे नाही, मागे परातीवर पाणी पडल्याचा आवाज. मग म्हणाली :

“करावंसं का वाटणार नाही गं? पोटची पोर आहे. पण मी पुढं झाले आणि उद्या तिकडं काही कमी-जास्त झालं, तर बोट माझ्याकडंच येणार. तिला काही बोलणार नाहीत. मला बोलतील, आणि मलाही तेच वाटत राहील. त्याचं काय करू?”

ही अडचण रूढीची म्हणून सोडवता येईल असे मला आतापर्यंत वाटत होते. ती दोषाची आहे. नुसते “आता काळ बदलला” म्हणून तिचे समाधान होणार नाही. ज्यांनी बोट दाखवले असते त्यांनीच तिला पुढे बोलावले पाहिजे. शेवटी ती म्हणाली, “हळद मी जात्यावर दळून देईन. लावायचं पुढं बघू.” हा अर्धा होकार समजून नोंद करते.

रविवार, २८ सप्टेंबर

बोट दाखवू शकतील अशी माणसे तीन : थोरले काका, म्हणजे धाकटीच्या वडिलांचे मोठे भाऊ, त्यांच्या पत्नी, काकू, आणि कराडच्या विहीणबाई. यांतल्या एकाही व्यक्तीला मी थेट फोन करणे शहाणपणाचे नव्हते. मी मावशीच्या माहेरची भाची. त्या घरच्या देवाधर्मात मी तोंड घातले तर जे होणार असेल तेही होणार नाही. ज्याचा शब्द ज्याच्याकडे चालतो त्यानेच तो टाकावा, आणि कोणी कोणाशी बोलायचे एवढेच मी जुळवावे, असा बेत केला.

पहिला फोन कुरुंदवाडच्या आत्यांना. त्या थोरल्या काकांच्या धाकट्या बहीण, आणि काका त्यांचे ऐकतात. शिवाय हेरवाड त्यांच्या शेजारचे. याच गावच्या ग्रामसभेने मे २०२२ मध्ये पती गेल्यावर बाईच्या बांगड्या फोडणे, कुंकू पुसणे, मंगळसूत्र आणि जोडवी काढून घेणे या प्रथा बंद करण्याचा ठराव केला, आणि तो इतर गावांनीही घ्यावा असे परिपत्रक पुढे राज्य सरकारने काढले. मला वाटले होते की आत्यांना हे सारे समजावून सांगावे लागेल. मी “आत्या, तुमच्याकडं हेरवाडला…” एवढे म्हणताच त्या म्हणाल्या, “ठराव झाला तेव्हा मी तिथं हळदीकुंकवाला जाऊन आले. ठराव कागदावर राहतो गं. कुणीतरी पहिल्यांदा ओटी भरावी लागते. दादाशी मी बोलते. तू मध्ये पडू नकोस.”

मध्ये न पडण्याचे मी आनंदाने कबूल केले.

दरम्यान आईने गुरुजींना गाठले. गुरुजी वयाने साठीचे, आणि नाही म्हणतील असे आम्ही धरून चाललो होतो. त्यांनी याज्ञवल्क्यस्मृतीतला श्लोकच म्हणून दाखवला : ‘पिता पितामहो भ्राता सकुल्यो जननी तथा’. कन्या देण्याचा अधिकार क्रमाने पित्याला, आजोबांना, भावाला, कुळातल्या पुरुषाला आणि मग आईला. आईचा अधिकार आहेच, पण क्रमात तिच्या आधी धाकटीचा भाऊ येतो आणि थोरले काकाही येतात. तेव्हा त्या दोघांनी आपण होऊन बाजूला व्हावे, म्हणजे कोणाच्या मनात किंतु राहणार नाही, असा त्यांचा सल्ला. ज्याला आपण अडसर समजत होतो त्याने चावीच हातात दिली.

भाऊ तर एका पायावर तयार आहे. काकांचा मान मात्र नुसता काढून घेता येणार नाही. आत्या आणि आई यांनी मिळून अशी मांडणी सुचवली आहे : देवक आणि पुण्याहवाचन काका-काकूंनी करावे, सीमांतपूजनही त्यांनीच, कन्यादानाला मावशी बसेल आणि झारीने पाण्याची धार भाऊ धरील. मला ही मांडणी पसंत आहे, कारण तिच्यात कोणीही रिकाम्या हाताने उभे राहत नाही.

गुरुवार, ९ ऑक्टोबर

सोने. दहा ग्रॅमचा भाव एक लाख वीस हजारांच्या पुढे गेल्यामुळे नवे सोने घेण्याचा विचार मावशीने सोडला आणि आपल्या जुन्या पाटल्या मोडून धाकटीचे तोडे व कानातले करायचे ठरवले. सराफ कट्ट्यावर गेल्यावर वितळवण्याचे काम ज्याने केले तो गलाईवाला अर्थातच विट्याकडचा निघाला. या व्यवसायात खानापूर-आटपाडीची माणसे देशभर पसरली आहेत, तेव्हा सांगलीत दुसरा कोण असणार. वितळवण्याआधी वजन, नंतर वजन, आलेली घट आणि शुद्धतेचा आकडा हे चारही त्याच चिठ्ठीवर लिहून घ्यावेत असे मी सांगून ठेवले होते, आणि त्याने कुरकूर न करता लिहून दिले.

दुरून करता येईल असे एक नेमके काम येथे सापडले. १ एप्रिल २०२३ पासून हॉलमार्कच्या दागिन्यावर सहा अक्षर-अंकांचा एचयूआयडी हा ओळखक्रमांक असणे सक्तीचे आहे, आणि तो ‘बीआयएस केअर’ या ॲपमध्ये घातला की सराफाची नोंदणी, तपासणी केंद्र, दागिन्याचा प्रकार आणि शुद्धता समोर येते. दागिना हातात नसला तरी क्रमांक वाचता आला की पुरे. अडचण वाचण्याचीच होती. खूण लेसरने केसाएवढी बारीक कोरलेली. समोरून फोटो काढला की नुसता उजेड परत येतो. शेवटी भावाने सराफाचे भिंग कॅमेऱ्यावर धरले, दुसऱ्या फोनचा टॉर्च बाजूने आडवा टाकला आणि दागिना हळूहळू फिरवला, तेव्हा अक्षरे सावलीत उठून दिसली. तोड्यांचे दोन्ही क्रमांक जुळले. २२ कॅरेट, म्हणजे ९१६. कानातल्यांचेही जुळले. नथीवर खूणच नाही म्हणून सगळे घाबरले, पण तिचे सोने दोन ग्रॅमपेक्षा कमी आहे आणि तेवढ्या हलक्या दागिन्याला हॉलमार्क सक्तीचा नाही. पैसे चुकते केले.

रविवार, १२ ऑक्टोबर

पत्रिका. मजकूर मी युनिकोडमध्ये टाईप करून पाठवला आणि छापखान्यातून जे परत आले ते पाहून हसावे की रडावे कळेना. छापखान्याचे काम अजून श्रीलिपी या जुन्या टंकप्रणालीत चालते; रूपांतरात रफार शेजारच्या अक्षरावर जाऊन बसले होते आणि ‘आशीर्वाद’ तीन ठिकाणी तीन प्रकारचे झाले होते. यापुढे मुद्रिते पीडीएफ करूनच मागवायची आणि दुरुस्त्या कागदावर लाल पेनाने करून फोटो पाठवायचा, अशी पद्धत ठरवली. छापखान्याच्या काकांना ती लगेच पटली. त्यांची हयात लाल पेनात गेलेली आहे.

नावांचे तीन निर्णय झाले. वधू-वरांची संपूर्ण नावे आधार कार्डावर आहेत तशीच, अक्षर न् अक्षर. पुढे विवाहनोंदणीला पत्रिका जोडावी लागते आणि तेथे वेलांटीचा फरकही नडतो. ‘किलबिल’मध्ये दोन्ही घरांची सर्व मुले, कराडची एक चिमुरडी राहिली होती, ती घातली. आणि निमंत्रक म्हणून पहिले नाव मावशीचे. कच्च्या मसुद्यात त्याआधी ‘गं. भा.’ (गंगा भागीरथी, विधवेच्या नावाआधी लावतात ते) होते. छापखान्याच्या साच्यातच ते असते, कोणी मुद्दाम घातले नव्हते. मी ‘श्रीमती’ केले, खाली थोरल्या काका-काकूंचे नाव घेतले आणि मुद्रित थेट काकांकडे पाठवायला सांगितले. त्यांनी एकच दुरुस्ती केली : स्वतःच्या नावामागचे ‘निवृत्त मुख्याध्यापक’ राहिले होते, ते घातले. आत्यांचा फोन होऊन गेला असणार, हे त्यावरून समजले.

रविवार, २ नोव्हेंबर

कार्तिकी एकादशी. पहिली पत्रिका सांगलीच्या गणपतीपुढे ठेवली, दुसरी कुलदेवीला रवाना झाली.

केळवणांचा धडाका सुरू आहे. धाकटी वजन वाढेल म्हणून कुरकुरते आणि पुरणपोळीला नाही म्हणत नाही. माझ्या वतीने केळवण आईने केले. रुखवतासाठी जपानी वस्तू पाठव, असा भावाचा आग्रह होता. मी नकार दिला. रुखवतात बहिणींनी आणि काकूंनी रात्री जागून केलेल्या वस्तू मांडायच्या असतात. तेथे विमानाने आलेले खोके ठेवले की पाहणारे खोकेच पाहतात. एका शिंप्याने दोन ब्लाऊज उलट्या मापांनी शिवले होते, ते उसवून पुन्हा दिले आहेत.

शनिवार, ८ नोव्हेंबर

विहीणबाईंचा विषय धाकटीने आणि वराने आपसात सोडवला. तो आपल्या आईशी काय बोलला ते मला माहीत नाही आणि मी विचारलेही नाही. काल विहीणबाईंनी मावशीला फोन करून एवढेच सांगितले, की उष्टी हळद घेऊन आमच्या सवाष्णी येतील, ती आधी तुमच्या हाती देतील, मग तुमच्याकडची पद्धत तुम्ही करा. वाक्य जपून बांधलेले आहे. त्यात होकार आहे आणि नको असेल त्याला तो न ऐकण्याची सोयही आहे. मला त्या बाईंबद्दल आदर वाटला.

काकूंचे काही कळत नाही. त्या विषय निघाला की आत जातात.

रविवार, १६ नोव्हेंबर

हळदीची हळकुंडे आईने हरिपूरहून आणली. कृष्णा-वारणेच्या संगमावरच्या त्या गावात पूर्वी जमिनीखालच्या पेवांत हळद वर्षानुवर्षे साठवीत. २००५ च्या पुरात बरीच पेवे गेली, पण ओळखीची घरे आहेत. सांगलीच्या हळदीला २०१८ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले, तरी लग्नसराईत बाजारात रंग घातलेली पूड मिळतेच, आणि ती अंगाला लागली की दोन दिवस आग होते. म्हणून मुहूर्ताची हळद जात्यावर, बाकीची गिरणीतून समोर दळून. थोडी आजच धाकटीच्या मनगटाला लावून पाहिली. काही त्रास नाही.

दोन दिवसांचा वेळापत्रक-कागद तयार केला आणि प्रत्येक ओळीपुढे एका माणसाचे नाव घातले. ‘सर्वांनी मिळून’ असे जेथे लिहिले जाते ते काम कोणीच करीत नाही. आजपासून धाकटीचा फोन भावाकडे. मंडपवाला, फुलवाला, मेकअपवाली आणि ‘आमची गाडी पार्किंगला कुठं लावायची’ म्हणून विचारणारे पाहुणे या सर्वांना भावाचा क्रमांक कळवला आहे. नकार द्यायचा असेल तर त्याने माझे नाव सांगावे : “ताईला विचारून कळवतो.” ताई परदेशात असते, झोपलेली असू शकते. या सबबीचा उपयोग मी गेल्या महिन्यात तीनदा करू दिला : ड्रोन, थंड धुराचे यंत्र आणि प्रवेशाच्या वेळी नाचण्यासाठी बोलावायचे ठरलेले भाड्याचे कलाकार.

शुक्रवार, २८ नोव्हेंबर

मुंबईला उतरून महालक्ष्मी एक्स्प्रेसने सकाळी सांगलीत आले. सर्व याद्या छापून भावाच्या हाती दिल्या. दुरून करण्याचे काम येथे संपले. आता इतरांसारखीच मीही पानांचे विडे बांधायला बसले आहे.

शनिवार, २९ नोव्हेंबर

देवक सकाळी बसले, काका-काकूंच्या हस्ते. दुपारी चारला कराडहून उष्टी हळद आली. पाट मांडला, धाकटी पिवळी साडी नेसून बसली, बायका जमल्या, आणि मावशी कोठे दिसेना. ती कोठीघरात नारळ मोजत होती. मोजून झालेले नारळ पुन्हा मोजत होती. मी दारात उभी राहिले आणि काही बोलले नाही, कारण येथे माझ्या बोलण्याचा उपयोग नव्हता.

आत्या आल्या. त्यांनी बाहेर सर्वांना ऐकू जाईल एवढ्या आवाजात म्हटले, “वहिनी आल्याशिवाय हळदीला हात लावायचा नाही. दादा, खरं ना?” थोरले काका अंगणात खुर्चीवर बसले होते. ते उठून दाराशी आले आणि म्हणाले, “चला, उशीर होतोय. मुलगी ताटकळली.” इतकेच. मावशीने पदराला हात पुसले, बाहेर आली, आंब्याच्या पानाने पायांना, गुडघ्यांना, खांद्यांना, गालांना हळद लावली, आणि मग मागे वळून विचारले, “यात तेल कुणी घातलंय का नाही? कोरडी लागतीय.” तेल घातलेले नव्हते. आईने पळत जाऊन आणले.

काकूंच्या माहेरच्या दोन बायका तेवढ्यात उठून गेल्या. त्या जेवायला आल्या, पण हळद लावायला आल्या नाहीत. काकू स्वतः आल्या, पाचव्या की सहाव्या क्रमांकाला, आणि धाकटीला लावून झाल्यावर उरलेले बोट त्यांनी मावशीच्या गालाला लावले. मावशी एकदम मागे सरली. काकूंनी “अगं, थांब की” म्हणून तिला धरून ठेवले.

सोमवार, १ डिसेंबर

लग्न काल मुहूर्तावर लागले. कन्यादानाच्या वेळी गुरुजींनी तोच श्लोक म्हणून त्याचा अर्थ मराठीत सांगितला, म्हणजे मागच्या रांगांनाही कळावे. भावाने झारीची धार जरा जोरातच धरली, मावशीचा काठ भिजला. पंगती वेळेत उठल्या. मठ्ठा कमी पडला.

ही नोंद कराडहून लिहीत आहे. काल संध्याकाळी धाकटीबरोबर पाठराखीण म्हणून आले. ती थकून झोपली आहे. विहीणबाईंनी मला सकाळी चहा देताना विचारले, “आईंना बरं वाटलं ना?” मी हो म्हटले.

शुक्रवार, ५ डिसेंबर

मांडवपरतणी झाली. विवाहनोंदणीचे निवेदन लग्नापासून ९० दिवसांत द्यावे लागते, म्हणजे २८ फेब्रुवारीपर्यंत मुदत आहे. पण तीन साक्षीदारांपैकी एक मी असल्यामुळे आणि साक्षीदाराला सहीसाठी समोर हजर राहावे लागत असल्यामुळे, मी येथे आहे तोवर आजच सह्या उरकून घेतल्या. उरलेले दोन साक्षीदार आत्या आणि थोरले काका. पत्रिका जोडली, नावे आधारशी जुळली.

कार्यालयाची अनामत परत मिळाली, फुटलेल्या दोन खुर्च्यांचे पैसे वजा जाता. आचाऱ्याचे देणे चुकते केले. ‘किरकोळ’मध्ये शेरवानीचे नऊशे धरूनही थोडे उरले आहेत, ते मावशीकडे दिले. शिंप्याकडून एक ब्लाऊज यायचा आहे. तो भावाने आणावा. गलाईच्या चिठ्ठीची मूळ प्रत तोड्यांच्या डबीत ठेवली आहे, फोटो हिशेबाच्या फाईलमध्ये आहे. फाईल भावाच्या नावे केली.